आवळपट्टी: नगर जिल्ह्यातल्या एका जीवघेण्या उपचाराचा इतिहास

साप चावलेल्या माणसाच्या पायाला काय काय बांधून आणतात, याची नुसती यादी केली तरी आपल्या नगर जिल्ह्याच्या शेतीचा इतिहास डोळ्यांसमोर उभा राहतो. कंबरेचा करदोडा, लुगड्याच्या पदराची चिंधी, घायपाताचा दोर, बैलाचा कासरा ही सगळ्यात जुनी बंधनं. ती मी आजीच्या तोंडून ऐकली आणि नोकरीच्या सुरुवातीला डोळ्यांनीही पाहिली. पुढे सायकलच्या ट्यूबची पट्टी आली. मग नायलॉनची दोरी आली, पाण्याच्या मोटारीची वायर आली, आणि ठिबक सिंचन वाढल्यावर ठिबकची काळी नळीही आली. वस्तू बदलत गेल्या, बांधायची रीत मात्र तीच राहिली. दंशाच्या वर, हाताला लागेल त्या वस्तूने, अंगात असेल तेवढा जोर लावून आवळायचं.

मी शेवगाव तालुक्यातली. माझी सगळी नोकरी परिचारिका म्हणून जिल्ह्यातल्या ग्रामीण रुग्णालयांत झाली, त्यातली बरीच वर्षं अपघात विभागात. पावसाळा लागला की रात्रीअपरात्री जीप यायची, ट्रॅक्टर यायचा आणि "सिस्टर, पान लागलंय", म्हणजे साप चावलाय, अशी हाक यायची. हाक ऐकून धावत गेलं की मी आधी माणसाचा चेहरा बघायची, मग पाय. पापण्या जड झाल्यात का, बोलताना जीभ अडखळते का, हिरड्यांतून रक्त येतं का, यावरून विषाचा अंदाज यायचा. पायाकडे बघितलं की पट्टीचा अंदाज यायचा. पट्टीचं दुखणं विषाच्या दुखण्याहून वेगळं असतं आणि त्याचा मोठा भाग पट्टी सोडल्यानंतर सुरू होतो. ही गोष्ट आपल्याकडे फार थोड्यांना माहीत आहे. या आवळपट्टीचा इतिहास लिहून ठेवावा असं म्हणूनच मला वाटलं.

पहिली गोष्ट ही सांगायला हवी की या रितीचा जन्म अडाणीपणातून झालेला नाही. सुश्रुतसंहितेच्या कल्पस्थानात सर्पदंशावरचा पहिला उपाय म्हणून अरिष्टाबंधन सांगितलं आहे. हातापायाला दंश झाला तर दंशाच्या वर चार अंगुळांवर कापड, चामडं किंवा झाडाची मऊ साल घेऊन बांधायचं, म्हणजे विष वर चढत नाही, असा तो विचार. मंडली, म्हणजे घोणशीसारख्या, जातीच्या सापाच्या दंशाला डाग देऊ नये, असंही तिथे बजावलं आहे. सगळ्या सापांचं विष एकसारखं वागत नाही, हे आपल्या वैद्यांनी तेव्हाच हेरलं होतं. पुढे ग्रंथ गावापर्यंत पोहोचला नाही. बांधायची रीत तेवढी पोहोचली, आणि चार अंगुळांचं माप व मऊ सालीची अट वाटेत गळून पडली.

इंग्रज डॉक्टर आले तेव्हा त्यांनीही हेच सांगितलं. कलकत्त्याचे सर्जन जोसेफ फेअरर यांनी १८७२ मध्ये हिंदुस्थानातल्या विषारी सापांवर मोठा सचित्र ग्रंथ काढला. कुत्री आणि कोंबड्यांवर त्यांनी पुष्कळ प्रयोग केले, विषावर उतारा मिळतो का ते पाहिलं, आणि तसा उतारा हाती लागला नाही. तेव्हा ताबडतोब घट्ट बांधणं आणि दंशाची जागा कापून काढणं, एवढंच त्यांच्याकडे सांगण्यासारखं उरलं. १९०४ मध्ये लॉडर ब्रंटन, फेअरर आणि लिओनार्ड रॉजर्स यांनी आणखी एक उपाय मांडला. पट्टी बांधायची, दंशावर चीर द्यायची आणि चिरेत पोटॅशियम परमँगनेटचे स्फटिक चोळायचे. त्यासाठी ब्रंटन यांनी छोटं शस्त्र तयार केलं होतं, त्याच्या दांड्यातच ते जांभळे स्फटिक भरलेले असत. पुढे हा उपाय निरुपयोगी ठरला. पण त्यातली बांधायची पायरी टिकली आणि पिढ्यान्‌पिढ्या प्रथमोपचाराच्या पुस्तकांत छापली गेली. शास्त्राने सांगितलं, साहेबाने सांगितलं, शाळेच्या पुस्तकाने सांगितलं. मग शेवगावच्या शेतकऱ्याने पट्टी बांधली तर त्याला दोष कसा द्यायचा?

त्या काळाचा हिशोबही समजून घ्यावा लागतो. विषावर औषध नव्हतं तेव्हा माणसापुढे दोनच गोष्टी होत्या, पाय आणि जीव. पाय गेला तरी जीव राहील, या आशेने पट्टी बांधली जाई. पट्टीची ही रीत औषध नसलेल्या काळातली आहे, हे लक्षात ठेवलं म्हणजे पुढचं सगळं नीट कळतं.

आपल्या जिल्ह्यात साप आणि माणूस एकमेकांच्या इतके जवळ कधी आले, तेही बघण्यासारखं आहे. पूर्वी इथे माळरान आणि कोरडवाहू ज्वारी-बाजरी. साप तेव्हाही होतेच. पण १९२६ मध्ये भंडारदऱ्याचं धरण पूर्ण झालं, प्रवरेचे कालवे वाहू लागले आणि श्रीरामपूर, राहाता, राहुरीकडच्या रानात ऊस उभा राहिला. १९५० च्या सुमाराला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने प्रवरानगरचा सहकारी साखर कारखाना सुरू झाला. पाठोपाठ कोपरगाव, संगमनेर, नेवासा, श्रीगोंदा सगळीकडे कारखाने झाले, मुळा धरणाचं पाणी आलं. वर्ष-दीड वर्ष उभं राहणारं दाट, ओलसर पीक उंदरांना मानवतं, आणि उंदीर जिथे तिथे घोणस आणि नाग. शिवाय शेतीची वीज बऱ्याचदा रात्री येते. रात्रीच्या अंधारात अनवाणी दारे धरायला गेलेला माणूस घोणशीवर पाय देतो. ऊसतोडीसाठी पाथर्डी, शेवगाव, जामखेडकडची कुटुंबं दरवर्षी कोप्या टाकून राहतात, लेकरांना घेऊन जमिनीवर झोपतात. मण्यार नेमकी रात्री फिरते. तिचा दंश दुखत नाही, सुजत नाही. झोपलेला माणूस पहाटे पोटात दुखतंय म्हणून उठतो आणि तासाभरात त्याला डोळे उघडता येत नाहीत. या जिल्ह्याच्या समृद्धीसाठी ज्यांनी घाम गाळला, सापही त्यांनाच चावला.

दंश झाल्यावर गावात काय होई, ते मी लहानपणापासून पाहिलं आहे. ज्याला पान लागलं त्याला घोंगडीत घालून गावच्या देवळासमोर, बहुतेक ठिकाणी भैरोबापुढे, आणून ठेवायचे. अकोले तालुक्यातल्या डोंगरात भगत, इकडे पठारावर देवऋषी. कडुनिंबाचा पाला खायला द्यायचा, कडू लागला तर विष चढलं नाही आणि गोड लागला तर चढलं, अशी परीक्षा. रात्रभर झोपू द्यायचं नाही. या सगळ्या वेळात पट्टी तशीच. विष वर सरकलं असं वाटलं की आणखी वर दुसरी पट्टी. घोट्यावर एक, गुडघ्याखाली एक, मांडीला एक असे तीन-तीन फास मी सोडवले आहेत.

त्यात अंतराची भर पडे. पाथर्डीहून नगर सुमारे पन्नास किलोमीटर. बैलगाडी तासाला चार किलोमीटर चालली तरी बारा तास. सुश्रुताच्या वैद्याने बांधलेली पट्टी थोड्या वेळात सुटत असेल, कारण वैद्य तिथेच बसलेला असे. आमच्याकडची पट्टी रात्रभर राही. म्हणूनच जाड, लवचीक चिंधी आणि पातळ नायलॉनची दोरी यांत फरक पडतो. कासरा रुंद असल्याने थोडा तरी सैल पडे, नायलॉन कातडीत रुतून बसे.

आता पट्टीखाली काय घडतं ते सांगते. पट्टी थोडी सैल असली तर आधी शिरा दबतात, धमनी चालूच राहते. रक्त पायात येत राहतं, परत जाऊ शकत नाही, पाय तट्ट फुगतो. पट्टी पुरती आवळली तर रक्त येणंही बंद. मग पायाच्या मांसपेशींना प्राणवायू मिळत नाही. पेशी आपल्याजवळची साठवलेली ऊर्जा वापरू लागते. ती संपली की पेशीच्या आवरणावरचे पंप थांबतात, सोडियम आणि कॅल्शियम आत घुसतात, पेशी फुगते. आम्ल साठतं. ऊर्जा देणारे रेणू मोडून त्यांचा चोथा पेशीत पडून राहतो. साधारण दोन तासांपर्यंत पाय हे सोसतो. शस्त्रक्रियेत सर्जन हवेचा पट्टा बांधून रक्त थांबवतात, तेव्हा शक्यतो याच मर्यादेत राहतात. चार ते सहा तासांनंतर मांसपेशी मरू लागतात.

माणसाला वाटतं की पट्टी सोडली, रक्त सुरू झालं, आता सुटका झाली. खरी पंचाईत तिथेच आहे. आलेल्या ताज्या रक्तात भरपूर प्राणवायू असतो. पेशीत साठलेल्या चोथ्याशी तो जुळतो आणि त्यातून अतिशय जहाल, अस्थिर स्वरूपाचे प्राणवायूचे रेणू तयार होतात. ते पेशीचं आवरण जाळतात. पांढऱ्या पेशी तिथे धाव घेतात, बारीक केशवाहिन्यांत अडकून वाट बुजवतात आणि आपली रसायनं ओतून चांगल्या पेशींनाही इजा करतात. केशवाहिन्या गळू लागतात, पाय तासाभरात सुजतो. पायाच्या स्नायूंभोवती घट्ट आवरणाचे कप्पे असतात, ते ताणत नाहीत. त्यामुळे सूज आतल्या आत दाबत जाते आणि नुकतंच सुरू झालेलं रक्त पुन्हा अडतं. दुष्काळात कोरडी पडलेली चारी आपण सगळ्यांनी पाहिली आहे. तिला भेगा पडलेल्या असतात. आवर्तन सुटलं आणि पाणी एकदम पूर्ण दाबाने आलं की ते भेगांत शिरून भराव फोडतं, पिकाला मिळायच्या आधीच चारी वाहून जाते. रिकाम्या राहिलेल्या पायात रक्त एकदम आलं की असंच होतं.

हे झालं पायाचं. मरणाऱ्या मांसपेशींतून पोटॅशियम, आम्ल आणि मायोग्लोबिन नावाचं लाल प्रथिन बाहेर पडतं. पट्टी असेपर्यंत ते तिथेच कोंडलेलं असतं, पट्टी सुटली की एकदम सगळ्या अंगात जातं. पोटॅशियमचा लोंढा हृदयाला लागतो, ठोके चुकतात, कधी हृदय थांबतं. मायोग्लोबिन मूत्रपिंडाच्या नळ्यांत अडकतं, लघवी काळ्या चहासारखी होते आणि मग बंदच पडते. सर्पदंशात याच्या जोडीला विषही असतं. कोंडून राहिलेलं विष एकाच झटक्यात रक्तात उतरतं. नागाचं किंवा मण्यारचं असेल तर श्वास बंद पडतो, घोणशीचं असेल तर रक्त गोठण्याची ताकद जाते आणि आधीच अडचणीत आलेल्या मूत्रपिंडावर दुसरा घाव पडतो.

एकदा रुग्णालयाच्या फाटकातच, आता पोहोचलो म्हणून, नातेवाइकांनी विळ्याने दोरी कापली. बाई फाटकापर्यंत बोलत आली होती. टेबलावर घेईपर्यंत तिचा श्वास थांबला. आम्ही नळी घातली, श्वासाचा फुगा दाबत राहिलो, औषध चालू केलं, आणि ती वाचली. पण ज्यांच्या जवळ फुगा दाबायला कोणी नसतं, त्यांचं काय होत असेल?

इथे या रितीचा सगळ्यात खोल फास आहे आणि तो समजुतीचा आहे. पट्टी बांधली की पाय थंड पडतो, निळा-काळा होतो, बधिर होतो. लोक म्हणतात, बघा, इख चढलं. खरं तर त्यातलं बरंचसं पट्टीमुळे झालेलं असतं. पट्टी सोडली की माणूस कोसळतो. लोक म्हणतात, बघा, पट्टी सोडली म्हणून गेला. त्यातून एकच धडा घेतला जातो, की पुढच्या वेळी अजून घट्ट बांधायचं आणि कोणालाही सोडू द्यायचं नाही. दुसऱ्या बाजूने, धामण, दिवड, गवत्या हे बिनविषारी साप आपल्याकडे भरपूर. विषारी साप चावला तरी प्रत्येक वेळी विष टोचलं जातंच असं नाही. असा माणूस पट्टी बांधून देवळात नेला आणि सकाळी बरा झाला, की यश पट्टीला आणि देवऋषीला मिळतं. विष नसतानाही पट्टीने पाय गमावलेली माणसं या यशाच्या हिशोबात कधी धरलीच जात नाहीत.

ऊसतोडीच्या हंगामातला एक तरुण मला आठवतो. पाथर्डीकडचा. मध्यरात्रीनंतर उसाची गाडी भरताना पाचटातून घोणस चावली. गुडघ्याखाली नायलॉनची दोरी, वाटेत देवऋषीकडे थांबणं, आणि दिवस वर आल्यावर आमच्याकडे. पाय बर्फासारखा, पावलावर नाडी लागत नव्हती. सोबतचे म्हणत होते, "सिस्टर, दोरी सोडू नका, इख चढंल." माझ्या हातात कात्री होती. ड्युटीवरचे डॉक्टर वयाने लहान, पण फार समजूतदार. ते म्हणाले, "थांबा, आधी सगळी तयारी." काचेच्या नळीत रक्त घेऊन वीस मिनिटं उभं ठेवलं, ते गोठलं नाही. हातात सलाईनची सुई लावली, सापाच्या विषावरचं औषध चालू केलं, छातीला ईसीजीच्या तारा लावल्या, प्राणवायू तयार ठेवला. मग दोरीच्या वर मांडीला रक्तदाबाचा पट्टा बांधून फुगवला, दोरी कापली आणि पट्ट्यातली हवा हळूहळू, थांबत थांबत सोडली. विषाचा लोंढा एकदम येऊ नये म्हणून. त्या खोलीत नातेवाईक उभे होते. आम्ही त्यांचं ऐकलं नाही असं त्यांना वाटू नये, म्हणून डॉक्टर प्रत्येक पायरी त्यांना समजावून सांगत होते.

तरी पाय सुजलाच. कातडी ताणून चकाकू लागली, बोटं हलवली की तो किंचाळायचा. लघवी तांबूस-काळी आली. त्याला रुग्णवाहिकेने नगरला पाठवलं. तिथे सर्जननी पोटरीच्या आवरणाला लांब चिरा देऊन कप्पे मोकळे केले, मूत्रपिंडासाठी डायलिसिस करावं लागलं. तो जगला. पाय राहिला, पण पंजा कायमचा लोंबता. पुढच्या हंगामात त्याला कोयता धरता आला नाही. विषाने त्याचं जे नुकसान केलं ते औषधाने भरून काढलं, पट्टीने केलेलं भरून निघालं नाही. गावी मात्र लोक सांगत राहिले की दोरी बांधली म्हणून पोरगं वाचलं.

रक्त परतल्यावर इजा होते, हे जगाला समजायलाही वेळ लागला. दुसऱ्या महायुद्धात लंडनवर बाँब पडले, तेव्हा ढिगाऱ्याखाली तासन्‌तास पाय अडकलेली माणसं बाहेर काढली की आधी बरी वाटत, बोलत, आणि मग काही दिवसांत मूत्रपिंड बंद पडून मरत. एरिक बायवॉटर्स आणि डेस्मंड बील यांनी १९४१ मध्ये ते लिहून ठेवलं. ढिगारा उचलला की जे होतं तेच पट्टी सोडली की होतं. १९६० मध्ये अमेरिकेतल्या रॉबर्ट जेनिंग्ज आणि सहकाऱ्यांनी कुत्र्याच्या हृदयाची रक्तवाहिनी काही वेळ बंद करून पुन्हा उघडली, तेव्हा रक्त परतल्यावर स्नायूचा नाश आणखी वेगाने दिसू लागला. १९८० च्या दशकात जो मॅककॉर्ड आणि त्यांच्याबरोबरच्या संशोधकांनी प्राणवायूच्या त्या जहाल रेणूंचा यात काय वाटा आहे, ते दाखवलं. आज हृदयविकाराच्या झटक्यात डॉक्टर गुठळी विरघळवतात किंवा फुग्याने रक्तवाहिनी उघडतात, तेव्हाही थोडी इजा रक्त परतल्यामुळे होतेच. तरीही रक्तवाहिनी उघडायलाच हवी, कारण बंद ठेवली तर स्नायू नक्की मरतो. म्हणून सगळं शास्त्र दोन गोष्टींवर येतं. अडथळा जितका कमी वेळ राहील तितकं चांगलं, आणि तो दूर करताना पाठीशी तयारी हवी. सर्पदंशात तर हा अडथळा आपण स्वतःच्या हाताने तयार करतो. तो न करणं पूर्णपणे आपल्या हातात आहे.

पट्टीचं युग संपायला हवं होतं ते विषावरचं औषध मिळालं तेव्हाच. फ्रेंच शास्त्रज्ञ अल्बेर काल्मेत यांनी एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात पहिलं प्रतिविष तयार केलं. आपल्या मुंबईत परळला वाल्डेमार हाफकिन यांनी प्लेगसाठी १८९९ मध्ये प्रयोगशाळा मांडली, तिला १९२५ मध्ये त्यांचं नाव दिलं गेलं, आणि पुढे त्याच हाफकिन संस्थेत घोड्यांच्या रक्तापासून सापाच्या विषावरचं औषध बनू लागलं. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांवर एकच औषध. ते शिरेतून, सुरुवातीलाच आठ-दहा कुप्या द्यावं लागतं. औषध आलं, पण रस्ता आला नव्हता, गाडी आली नव्हती, आणि विश्वासही आला नव्हता. म्हणून पट्टी टिकली.

विश्वास कसा येतो, हे आपल्याच जिल्ह्यातल्या जामखेडने दाखवलं आहे. डॉ. रजनीकांत आणि डॉ. मेबल आरोळे यांनी १९७० मध्ये तिथे ग्रामीण आरोग्य प्रकल्प सुरू केला. गावातल्याच साध्या, बऱ्याचदा निरक्षर बायांना आरोग्याचं ज्ञान देऊन त्यांनी आरोग्यसेविका घडवल्या. या कामासाठी दोघांना १९७९ मध्ये मॅगसेसे पुरस्कार मिळाला. मला त्यांच्याकडून घ्यावासा वाटतो तो धडा असा, की जुनी समजूत बाहेरून आलेल्या माणसाच्या भाषणाने जात नाही. शेजारच्या घरातली बाई सांगते तेव्हा जाते. १९८४ मध्ये लोणीला प्रवरेच्या परिसरात ग्रामीण वैद्यकीय महाविद्यालय आलं आणि मोठे उपचार उसाच्या रानाजवळ आले. महाडचे डॉ. हिम्मतराव बावस्कर, मुखेडचे डॉ. दिलीप पुंडे, आपल्या सीमेलगतच्या नारायणगावचे डॉ. सदानंद राऊत या खेड्यात राहिलेल्या डॉक्टरांनी सर्पदंशाच्या उपचाराला आयुष्य वाहिलं. २०१४ पासून १०८ ची रुग्णवाहिका आहे.

कायदाही आहे. २०१३ च्या महाराष्ट्राच्या जादूटोणाविरोधी कायद्यात साप, विंचू किंवा कुत्रा चावलेल्या माणसाला वैद्यकीय उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र, गंडेदोरे करणं हा गुन्हा आहे. डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी या कायद्यासाठी वर्षानुवर्षं झगडा दिला. त्यांचा २० ऑगस्ट २०१३ ला खून झाल्यानंतर तो अमलात आला. पण प्रेमापोटी पट्टी बांधणाऱ्या आईला कुठला कायदा अडवणार? ती पट्टी सुटेल ती फक्त माहितीने. देशात २००० ते २०१९ या काळात सर्पदंशाने सुमारे बारा लाख माणसं गेली, असा अभ्यासकांचा अंदाज आहे, म्हणजे वर्षाला सरासरी ५८ हजार. २०२४ मध्ये केंद्र सरकारने सर्पदंशाविरुद्ध राष्ट्रीय कृती आराखडा काढला आणि प्रत्येक सर्पदंशाची नोंद सक्तीची करावी असं राज्यांना कळवलं. त्या नोंदीत पट्टी बांधली होती का आणि किती वेळ, हा रकाना हवा असं मला मनापासून वाटतं. आकडा दिसला की लोकांना पटतं.

म्हणून जाता जाता वाचकांना हात जोडून सांगते. सर्पदंश झाला तर पट्टी बांधू नका, कापू नका, चोखू नका, बर्फ लावू नका. पायातली जोडवी, पैंजण, हातातली अंगठी, बांगड्या, कडं लगेच काढा, कारण सूज आली की त्यांचीच पट्टी होते. हाड मोडल्यावर धरतो तसा तो अवयव फळीच्या किंवा काठीच्या आधाराने स्थिर ठेवा. माणसाला चालू देऊ नका, धीर द्या, आणि १०८ ला फोन करून सरळ रुग्णालय गाठा. देवळात जायचं तर बरं झाल्यावर जा, देव कुठे जात नाही. आणि कोणी आधीच पट्टी बांधून आणली असेल तर वाटेत किंवा दारात ती कापू नका. बांधल्याची वेळ लिहून ठेवा आणि डॉक्टरांच्या समोर, औषध सुरू झाल्यावर, त्यांनाच सोडू द्या. बांधणं ही चूक आहे. बांधलेलं घाईने सोडणं ही दुसरी चूक आहे. या दोन वाक्यांनी नगर जिल्ह्यात पुष्कळ पाय आणि पुष्कळ जीव वाचतील. आपल्या गावच्या ग्रामसभेत, ऊसतोडीच्या कोप्यांवर आणि शाळेत ती मोठ्याने वाचून दाखवा.